शांतता ऐकणारा कलावंत : जॉन केज

श्रोतेहो, ज्या यंत्रांतून माझा आवाज या घटकेला आपल्या घरांत येत आहे, त्याच यंत्राची एक हकीकत सांगून मी विषयाला आरंभ करतों. १९५१ च्या मे महिन्यांत न्यूयॉर्क येथें कोलंबिया विद्यापीठाच्या नाट्यगृहांत संगीताचा एक जलसा झाला. रंगमंचावर बारा रेडिओ मांडले होते. प्रत्येक रेडिओपाशीं दोन वादक बसले. एकानें स्टेशन बदलण्याचें बटण फिरवावयाचें आणि दुसऱ्यानें आवाज लहानमोठा करावयाचा. समोर स्वतः रचनाकार हातवारे करून ताल दाखवीत उभे होते. कोणत्या क्षणीं कोणता रेडिओ कोणत्या लहरीवर न्यावयाचा आणि त्याचा आवाज किती ठेवावयाचा, हें सारें स्वरलिपींत काटेकोर नेमून दिलेलें होतें. मात्र त्या लहरीवर त्या वेळीं काय लागलेलें असेल, हें कोणालाच ठाऊक नव्हतें. ही रचना कार्यक्रमाच्या अगदीं शेवटीं आली; रात्र फार झाली आणि तोंपर्यंत पुष्कळशीं स्टेशनें बंद होऊन गेलीं होतीं. त्यामुळें मधूनच एखादा शब्द, एखाद्या गाण्याचा तुकडा, थोडी खरखर आणि बरीचशी शांतता, एवढेंच श्रोत्यांच्या पदरीं पडलें. प्रयोग फसला असें रचनाकाराच्या कांहीं मित्रांनाहि वाटलें. रचनाकाराला स्वतःला मात्र तसें वाटलें नाहीं. त्यांचें नांव जॉन केज.

हे गृहस्थ नेमके कोण, हें एका शब्दांत सांगणें कठीण आहे. ते संगीतकार होते. पण संगीताच्या जाणकारांनाच त्यांच्या संगीतपणाविषयीं शंका असे. त्यांनीं रंगमंचावर केलेले प्रयोग हे नाटक कीं नृत्य कीं व्याख्यान, याचा उलगडा पाहणारांना होत नसे. त्यांनीं लिहिलेल्या स्वरलिपि चित्रांच्या दालनांत भिंतीवर लावल्या गेल्या, आणि उतारवयांत तर त्यांनीं चित्रें व ठसे काढण्यांत प्रत्येक वर्षीं कांहीं दिवस घालविले. जन्म ५ सप्टेंबर १९१२ रोजीं लॉस एंजलीस येथें. मृत्यु १२ ऑगस्ट १९९२ रोजीं न्यूयॉर्क येथें. ऐंशीं वर्षांना अवघे कांहीं दिवस कमी असलेल्या या आयुष्यांत त्यांच्यावर सर्वांत अधिक वेळां झालेला आरोप म्हणजे, हा मनुष्य लोकांची थट्टा करतो. हा आरोप सहज झटकून टाकण्यासारखा नाहीं. आपणांपैकीं कोणी तिकीट काढून मैफलीला गेला आणि गवई तोंड न उघडतांच उठून गेला, तर आपणहि तसेंच म्हणूं. म्हणून केज यांनीं काय काय केलें याची जंत्री न देतां, तें त्यांनीं कां केलें, हें आज आपण पाहूं.

केज यांचे वडील संशोधक होते. नवीं यंत्रें रचणें हा त्यांचा व्यवसाय. त्यांनीं पाणबुडीहि बनविली होती. मुलाच्या अंगीं ही वृत्ति उतरली. तरुणपणीं चित्रकला, वास्तुकला व संगीत यांच्यांत मन घुटमळल्यावर त्यांनीं संगीत निवडलें आणि युरोपांतून अमेरिकेंत येऊन राहिलेले थोर संगीतकार आर्नोल्ड शोनबर्ग यांच्याकडे ते गेले. हा मुलगा जन्मभर संगीताचीच सेवा करील, एवढ्या वचनावर गुरूंनीं फी न घेतां शिकविण्याचें कबूल केलें. पाश्चात्य संगीताचा प्राण म्हणजे निरनिराळ्या स्वरांची एकसमयावच्छेदेंकरून होणारी जुळणी, म्हणजेच हार्मनि. या हार्मनीची उपजत जाण शिष्याला नाहीं, हें गुरूंच्या ध्यानांत आलें. पुढें एक भिंत आडवी येईल आणि तींतून तुला पार जातां येणार नाहीं, असें त्यांनीं बजावलें. त्यावर केज यांनीं दिलेलें उत्तर प्रसिद्ध आहे : तर मग त्या भिंतीवर डोकें आपटण्यांतच मी माझें आयुष्य घालवीन. पुढें शोनबर्ग यांनीं या शिष्याविषयीं असा अभिप्राय दिल्याचें सांगतात कीं, तो संगीतकार नसून प्रतिभावंत संशोधक आहे. निंदा आणि स्तुति यांचें असें मिश्रण गुरूच करूं जाणे!

हार्मनीची वाट बंद झाली तेव्हां केज आघातवाद्यांकडे वळले. ढोल आणि झांजा यांच्या जोडीला मोटारीच्या चाकांतील लोखंडी ब्रेक, पत्र्याचे डबे, असल्या वस्तु त्यांनीं वाद्यवृंदांत आणल्या. स्वरांची जुळणी नसली तरी काळाची मोजणी असतेच, आणि आवाज व शांतता या दोहोंना समान असें माप एकच, तें म्हणजे कालावधि, हा विचार त्यांच्या मनांत येथेंच रुजला. १९४० च्या सुमारास ते सिअॅटल येथील कॉर्निश विद्यालयांत नृत्याच्या वर्गांना संगीत पुरवीत असत. सिव्हिला फोर्ट या नर्तिकेला एका नृत्यासाठीं संगीत हवें होतें. केज यांच्या मनांत आघातवाद्यांचा ताफा. पण नाट्यगृह एवढें लहान कीं एका पियानोखेरीज दुसरें कांहीं तेथें मावेना. तेव्हां त्यांनीं पियानोच्या पोटांतच हात घातला. प्रथम तारांवर एक ताटली ठेवून पाहिली, ती नाचूं लागली; खिळे घालून पाहिले, ते घसरून पडले; शेवटीं मळसूत्राचे स्क्रू तारांच्या मधें अडकविले, ते घट्ट बसले. पुढें रबराचे तुकडेहि आले. आतां एक पट्टी दाबली कीं घंटेसारखा, दुसरी दाबली कीं लाकडी ठोकळ्यासारखा, तिसरी दाबली कीं चामड्याच्या वाद्यासारखा नाद निघूं लागला. एका मनुष्याच्या दहा बोटांखालीं सगळा ताफा आला. या वाद्याला 'सज्ज केलेला पियानो' असें नांव पडलें. ही युक्ति केवळ अडचणींतून निघाली. आणि अडचणीला शत्रु न मानतां तिच्याकडूनच काम करून घेण्याची केज यांची संवय पुढें जन्मभर टिकली.

आतां मी त्यांच्या आयुष्यांतील अशा प्रसंगाकडे वळतों कीं, जो कळल्यावांचून पुढील गोष्टींचा अर्थ लागत नाहीं. १९४४ च्या सुमाराचा काळ. जगांत महायुद्ध पेटलेलें होतें आणि केज यांचें वैवाहिक जीवन मोडण्याच्या वाटेवर होतें. मनांतील भय आणि एकाकीपणा ओतून त्यांनीं सज्ज पियानोसाठीं सहा भागांची एक रचना केली. तिला 'संकटाची रात्र' असें नांव दिलें. ती ऐकून एका टीकाकारानें लिहिलें कीं, चर्चच्या घंटाघरांत सुतारपक्षी चोंच मारीत असल्यासारखा हा आवाज आहे. श्रोतेहो, आपलें दुःख एखाद्याला सांगावें आणि त्यानें हंसून तिसरीच गोष्ट काढावी, तसें हें झालें. केज यांना असेंहि दिसूं लागलें कीं, आपण एक भाव मनांत धरून लिहितों आणि ऐकणारांच्या मनांत त्याच्या उलट भाव उठतो. मग संगीत हें मनुष्यामनुष्यांतील दळणवळणाचें साधन आहे, ही सर्वांनीं गृहीत धरलेली गोष्टच खोटी नाहीं काय? जर ती खोटी असेल तर रचना करावयाची कशाला? याहून चांगलें कारण सांपडलें नाहीं तर आपण हा उद्योगच सोडून द्यावा, अशा निश्चयाप्रत ते आले. मनोविश्लेषण करणाऱ्या एका वैद्याकडेहि ते जाऊन आले. पण त्या मार्गानें त्यांचें समाधान झालें नाहीं.

अशा स्थितींत १९४६ सालीं गीता साराभाई नांवाच्या एक भारतीय बाई न्यूयॉर्कला आल्या. अहमदाबादच्या सुप्रसिद्ध साराभाई घराण्यांतील या बाईंनीं गायनाचें आणि पखवाजाचें शिक्षण घेतलें होतें. पाश्चात्य संगीताचा आपल्या संगीतावर जो पगडा बसत चालला होता त्याची त्यांना काळजी वाटे. म्हणून त्या संगीताची नीट ओळख करून घ्यावी, या हेतूनें त्या तेथें गेल्या होत्या. केज यांनीं फी न घेतां त्यांना शिकविण्याचें मान्य केलें. मोबदला एकच, त्यांनीं केज यांना भारतीय संगीत समजावून द्यावें. असा हा विद्येचा देवघेवीचा व्यवहार सुमारें सहा महिने चालला. केज यांनीं एके दिवशीं विचारलें, तुमच्या गुरूंच्या मतें संगीताचें प्रयोजन काय? बाईंनीं आपल्या गुरूंचें मत सांगितलें तें असें कीं, मन स्थिर आणि शांत करावें, म्हणजे दैवी प्रभाव ग्रहण करण्यास तें योग्य होतें. केज यांना हवें असलेलें कारण मिळालें. या उत्तरांत रचनाकारानें आपलें हृदय दुसऱ्याच्या हृदयांत ओतण्याची गोष्टच नव्हती. ऐकणाराचें मन निवावें, एवढीच अपेक्षा होती. स्वदेशीं परत येतांना गीताबाईंनीं त्यांना श्रीरामकृष्ण परमहंसांच्या वचनांचा ग्रंथ भेट दिला. वैद्याकडून जें झालें नाहीं तें या ग्रंथानें केलें, असें केज पुढें सांगत असत.

त्याच सुमारास आनंद कुमारस्वामी यांचे ग्रंथ त्यांनीं वाचले आणि रससिद्धान्ताशीं त्यांचा परिचय झाला. त्यांतून १९४६ ते १९४८ या काळांत त्यांची सर्वांत सुंदर म्हणून गणली गेलेली रचना जन्मास आली. सोळा सोनाटा आणि चार इंटरल्यूड, अशा वीस लहान लहान तुकड्यांची ही माळ आहे. ती वाजविण्यापूर्वीं पियानोचे पंचेचाळीस स्वर स्क्रू, रबर इत्यादि वस्तूंनीं सज्ज करावे लागतात, आणि त्या कामास दोन-तीन तास सहज लागतात. वीर, शृंगार, हास्य आणि अद्भुत हे चार उजळ रस. भयानक, रौद्र, बीभत्स आणि करुण हे चार काळे रस. आणि सर्वांच्या मध्यभागीं शांत, अशी योजना केज यांनीं मनांत धरली होती. या आठांचा ओघ शेवटीं शांताकडेच असतो, असें त्यांचें म्हणणें. भरतमुनींनीं मुळांत आठच रस मोजले, शांताची भर नंतर पडली आणि अभिनवगुप्तानें त्याचा जोरदार पुरस्कार केला, हा इतिहास आपल्या वाचकवर्गाला परिचयाचा आहे. तो वाद येथें काढण्याचें कारण नाहीं. लक्षांत घेण्याची गोष्ट ही कीं, कोणत्या तुकड्यांत कोणता रस आहे हें केज यांनीं कोठेंच सांगून ठेवलें नाहीं. 'संकटाची रात्र' रचणारा मनुष्य आतां श्रोत्याला अमुक वाटलेंच पाहिजे असा आग्रह धरीत नव्हता.

येथून शांततेकडे जाण्याची वाट सरळ आहे. १९४८ सालीं एका व्याख्यानांत त्यांनीं एक मनोरथ बोलून दाखविला होता. अमेरिकेंत दुकानांतून आणि कचेऱ्यांतून तारांच्या द्वारें दिवसभर गुळमुळीत संगीत पुरविणारी एक कंपनी होती. त्या कंपनीला चारेक मिनिटांची अखंड शांतता विकावी, आणि त्या रचनेचें नांव 'मूक प्रार्थना' असें ठेवावें, असा तो मनोरथ होता. १९५१ च्या सुमारास ते हार्वर्ड विद्यापीठांतील एका विशेष खोलींत गेले. या खोलीच्या भिंती अशा बनविलेल्या असतात कीं कोणताहि आवाज शोषला जावा आणि प्रतिध्वनि उठूं नये. तेथें संपूर्ण निःशब्दता अनुभवण्याची त्यांची अपेक्षा. पण त्यांना दोन आवाज ऐकूं आले, एक बारीक व एक जाड. बाहेर आल्यावर तेथील तंत्रज्ञ म्हणाला, बारीक आवाज तुमच्या मज्जासंस्थेचा आणि जाड आवाज रक्ताभिसरणाचा. मज्जासंस्था अशी कानांनीं ऐकूं येते, हें शरीरशास्त्राला पटण्यासारखें नाहीं. तो कानाचाच गुणगुणाट असावा. परंतु केज यांनीं काढलेला निष्कर्ष त्यामुळें बिघडत नाहीं. जिवंत माणसाला निखळ शांतता कधींच मिळत नाहीं. आपण जिला शांतता म्हणतों ती म्हणजे, ज्यांच्याकडे आपलें लक्ष नाहीं असे आवाज.

त्याच दिवसांत त्यांचे तरुण चित्रकार मित्र रॉबर्ट राउशनबर्ग यांनीं कोरे पांढरे कॅनव्हास चित्रें म्हणून मांडले होते. केज यांना त्यांत रिकामेपणा दिसला नाहीं. खोलींतील माणसांच्या सावल्या, बदलता प्रकाश आणि धूळ यांना उतरावयास मिळालेली ती जागा आहे, असें त्यांना वाटलें. चित्रकार एवढें धाडस करतो आणि संगीत मागें राहतें, या विचारानें त्यांना धीर आला.

२९ ऑगस्ट १९५२ रोजीं न्यूयॉर्क राज्यांतील वूडस्टॉक गांवाजवळच्या मॅव्हरिक सभागृहांत तो प्रसंग घडला. हें सभागृह लाकडी असून त्याची मागील बाजू रानाच्या दिशेनें उघडते. डेव्हिड ट्यूडर हे कसलेले पियानोवादक रंगमंचावर आले, त्यांनीं समोर स्वरलिपि ठेवली, हातांत घड्याळ घेतलें आणि पियानोचें झांकण बंद केलें. तेहेतीस सेकंदांनीं तें उघडलें. पहिला भाग संपला. पुन्हां बंद, दुसरा भाग दोन मिनिटें चाळीस सेकंद. पुन्हां बंद, तिसरा भाग एक मिनिट वीस सेकंद. एकूण चार मिनिटें तेहेतीस सेकंद, आणि तेंच त्या रचनेचें नांव. एकहि पट्टी दाबली गेली नाहीं. पहिल्या भागांत बाहेर वारा वाहत होता, दुसऱ्यांत छपरावर पावसाचे थेंब वाजूं लागले, आणि तिसऱ्यांत श्रोते आपसांत कुजबुजूं लागले, कांहीं उठून चालते झाले. केज यांच्या मतें मैफल यथासांग झाली होती. श्रोत्यांपैकीं अनेकांच्या मतें त्यांची फसवणूक झाली होती.

या रचनेची स्वरलिपिहि पाहण्यासारखी आहे. १९५३ च्या एका प्रतींत कोऱ्या कागदावर कांहीं उभ्या रेषा आहेत. कागदावरचें अंतर म्हणजे वेळ. ही प्रत २०१२ सालीं न्यूयॉर्कच्या आधुनिक कलेच्या संग्रहालयानें आपल्याकडे घेतली. ती ऐकावयाची वस्तु कीं पाहावयाची, हा प्रश्न तेथें उरत नाहीं.

आतां कोणी म्हणेल, स्वतःचा भाव सांगावयाचा नाहीं हें ठीक. पण कांहीं तरी निवडावें तर लागतेंच, आणि निवड आली कीं आवडनिवड आली. केज यांनाहि हाच प्रश्न पडला. क्रिश्चन वुल्फ या त्यांच्या तरुण शिष्यानें त्यांना 'यी-चिंग' हा प्राचीन चिनी शकुनग्रंथ आणून दिला. तीन नाणीं सहा वेळां उडविलीं कीं चौसष्ट आकृतींपैकीं एक निघते. कोणता स्वर, केवढा, किती वेळ, अशा प्रत्येक प्रश्नाला केज यांनीं या रीतीनें उत्तर घेण्यास आरंभ केला. १९५१ सालची 'परिवर्तनांचें संगीत' ही पियानोची दीर्घ रचना याच पद्धतीची असून बारा रेडिओंची स्वरलिपीहि नाण्यांवरच बनलेली होती. आपल्याकडे कौल लावतात तो मनांतली इच्छा पुरी होईल कीं नाहीं हें जाणण्याकरितां. केज कौल लावीत ते आपली इच्छा बाजूला ठेवण्याकरितां. सृष्टीच्या बाह्य रूपाची नक्कल न करतां तिच्या कार्यपद्धतीचें अनुकरण करावें, हा कलेचा हेतु त्यांना कुमारस्वामींच्या लेखनांत भेटला होता. पाऊस कोठें पडावा हें कोणाच्या आवडीवर ठरत नाहीं. तसें स्वरांचें असावें.

यांत स्वैरपणा आहे असा समज करून घेऊं नये. नाण्यांनीं एकदां सांगितलें कीं तें पाळलें पाहिजे; मग तें कितीहि गैरसोयीचें असो. वादकानें मनास येईल तें वाजवावें, ही कल्पना त्यांना मुळींच रुचत नसे, कारण मनास येतें तें बहुधा संवयीचें असतें. येथें आपल्या संगीताची वाट निराळी आहे. ख्याल गाणारा गवई जन्मभराच्या तालमीनें आपली आवड घडवितो आणि तिच्याच बळावर त्या क्षणीं राग उलगडतो. गीताबाईंच्या गुरूंचें प्रयोजन केज यांनीं घेतलें, साधन घेतलें नाहीं, असें म्हणणें योग्य होईल.

शिस्त सुटली तर काय होतें याचा कटु अनुभव त्यांना १९६४ च्या फेब्रुवारींत आला. आकाशांतील ताऱ्यांच्या नकाशांवर पारदर्शक कागद ठेवून त्यांनीं एका वाद्यवृंदाचें संगीत लिहिलें होतें. लेनर्ड बर्नस्टाइन यांच्या पुढाकारानें न्यूयॉर्कच्या प्रख्यात फिलहार्मॉनिक वाद्यवृंदानें तें वाजविलें. पण वादकांपैकीं कांहींनीं नेमून दिलेलें वाजविण्याऐवजीं ध्वनिग्राहकांत शिट्या घातल्या, टिंगल केली. श्रोतेहि मोठ्या संख्येनें उठून गेले. इतरांनीं हंसावें याचें दुःख त्यांना आतां राहिलें नव्हतें. परंतु दिलेल्या मोकळिकीचा मूर्खपणासाठीं उपयोग झाला, हें त्यांना फार लागलें.

रंगमंचावरील त्यांचे प्रयोग याच विचाराचा विस्तार होत. १९५२ च्या उन्हाळ्यांत ब्लॅक मौंटन महाविद्यालयाच्या भोजनगृहांत त्यांनीं एक कार्यक्रम घडवून आणला. प्रेक्षक मध्यभागीं एकमेकांकडे तोंडें करून बसले होते आणि घटना त्यांच्या भोंवतीं चालल्या होत्या. शिडीवर चढून केज व्याख्यान वाचीत होते, दुसरीकडे कवि आपल्या कविता वाचीत होते, ट्यूडर पियानो वाजवीत होते, वर राउशनबर्ग यांचीं पांढरीं चित्रें टांगलेलीं होतीं आणि ते स्वतः जुना ग्रामोफोन लावीत होते. मर्स कनिंगहॅम प्रेक्षकांच्या मधून नाचत गेले तेव्हां एक कुत्राहि त्यांच्या मागें लागला. सर्व गोष्टी एकाच वेळीं, पण एक दुसरीची चाकर नाहीं. पुढें पाश्चात्य देशांत ज्या प्रयोगांना 'हॅपनिंग' म्हणूं लागले त्यांचा हा पूर्वज मानतात. कनिंगहॅम हे केज यांचे आयुष्याचे सोबती. या दोघांनीं नृत्य आणि संगीत यांचीहि अशीच फारकत केली : दोहोंचा कालावधि तेवढा ठरवावयाचा, बाकी दोन्ही स्वतंत्रपणें रचावयाचीं आणि रंगमंचावर एकत्र आणावयाचीं. कनिंगहॅम यांची नृत्यमंडळी १९६४ सालीं जगाच्या दौऱ्यावर निघाली तेव्हां मुंबई आणि अहमदाबाद येथेंहि तिचे प्रयोग झाले. केज बरोबर होते, आणि अठरा वर्षांपूर्वींच्या ऋणानुबंधामुळें साराभाई कुटुंबाचा पाहुणचार त्यांना लाभला.

१९६० च्या जानेवारींत अमेरिकेच्या टेलिव्हिजनवरील एका करमणुकीच्या कार्यक्रमांत केज यांना बोलाविलें होतें. पाण्याचा टब, वाफ सोडणारें भांडें, बर्फ, फुलदाणी, झारी, शिट्टी, रबराचें बदक, पियानो आणि पांच रेडिओ, एवढ्या सामग्रीवर तीन मिनिटांची रचना ते वाजविणार होते. प्रेक्षक हंसतील, अशी सूचना सूत्रधारानें सौजन्यानें दिली. रडण्यापेक्षां हंसणें बरें, अशा आशयाचें उत्तर केज यांनीं दिलें. दोन कामगार-संघांच्या तंट्यामुळें रेडिओंना वीज मिळाली नाहीं. तेव्हां रेडिओ लावावयाच्या जागीं त्यावर थाप मारावयाची आणि बंद करावयाच्या जागीं तो टेबलावरून खालीं ढकलावयाचा, अशी तोड त्यांनीं काढली. प्रेक्षक पोट धरून हंसले. केज घड्याळाकडे पाहत शांतपणें आपलें काम करीत राहिले. सोळा वर्षांपूर्वीं एका टीकाकाराच्या उपहासानें ज्याचें मन मोडलें होतें, तोच हा मनुष्य! हंसणें हाहि आतां त्याला रचनेंतील एक नाद वाटत होता.

उतारवयांत, १९७८ पासून अखेरपर्यंत, ते कॅलिफोर्नियांतील क्राउन पॉइंट या छापखान्यांत ठसे काढण्यासाठीं जात राहिले. जपानांतील क्योतो येथें र्योआनजी नांवाचें मंदिर आहे. तेथील बागेंत वाळूवर पंधरा दगड मांडलेले आहेत. केज यांनीं १९८३ पासून या बागेवरून रेखाटनांची एक मालिका केली. पंधरा लहान दगड घ्यावयाचे. कोणता दगड कागदावर कोठें ठेवावयाचा आणि मऊ-कठीण अशा सतरा जातींच्या पेन्सिलींपैकीं कोणती घ्यावयाची, हें कौलानें ठरवावयाचें. मग दगडाभोंवतीं हातानें रेषा फिरवावयाची. अशा रेषांच्या पुष्कळशा वळशांतून धुक्यासारखें चित्र तयार होतें. त्याच वर्षीं त्यांनीं दगडांच्या कडेवरून काढलेल्या वक्र रेषांचें संगीतहि केलें : रेषा चढली कीं स्वर चढतो, उतरली कीं उतरतो, आपल्या मींडेसारखा. एकच दगड डोळ्यांना रेषा देतो आणि कानांना स्वर देतो. चित्र, संगीत आणि रंगमंच या तिन्ही दालनांत हा मनुष्य कां हिंडत राहिला, याचें उत्तर या दगडांपाशीं मिळतें. त्याला तीन कला साधावयाच्या नव्हत्या. लक्ष देण्याची एकच रीत तो तीन ठिकाणीं शिकत होता.

आरोपाचा निकाल मी देणार नाहीं. केज यांच्या सर्वच रचना पुन्हां पुन्हां ऐकाव्याशा वाटतात असें म्हणणें खोटेपणाचें होईल. कांहींतील कल्पना ऐकण्यापेक्षां सांगण्यास अधिक गोड आहे. पण ज्याला लोकांची थट्टाच करावयाची आहे तो एकदां करतो आणि निघून जातो. वर्षानुवर्षें नाणीं उडवून, त्यांचे कौल वहींत टिपून, मान मोडून काम करीत बसत नाहीं. जर्मनींतील हाल्बरश्टाट गांवच्या जुन्या चर्चमध्यें त्यांची 'शक्य तितकें सावकाश' ही ऑर्गनची रचना २००१ सालीं सुरू झाली. ती ६३९ वर्षांनीं, म्हणजे इ. स. २६४० मध्यें संपावयाची आहे. तिचा आरंभ विश्रांतीनें होतो. त्यामुळें पहिला स्वर ऐकूं येण्यास २००३ चा फेब्रुवारी उजाडला. हा प्रारंभ करणारांना शेवट ऐकावयास मिळणार नाहीं, हें ठाऊक असून त्यांनीं तो केला.

श्रोतेहो, नभोवाणीवर क्षणभर आवाज थांबला तर आपण दचकतों आणि यंत्र बिघडलें असें समजून बटण फिरवितों. माझें भाषण आतां संपत आहे. तें संपल्यावर चार मिनिटें तेहेतीस सेकंद आपण आपला रेडिओ बंद ठेवून पाहावा. स्वयंपाकघरांतील भांडीं, रस्त्यावरची वर्दळ, शेजारच्या मुलाची घोकंपट्टी आणि आपलाच श्वास, हें सारें ऐकूं येईल. तें संगीत आहे कीं नाहीं, हें आपलें आपण ठरवावें. मात्र तें याआधींहि चालूंच होतें.